आधी मार्ग, मग जागा

१६ मार्च २०२५, रविवार

भाईंदर पश्चिमेच्या आमच्या डोंगरी गावातल्या डोंगरावरची झाडे तोडण्याची नोटीस निघाली आहे. मेट्रो ९ ची कारशेड इथे व्हायची आहे. झाडांचा आकडा बारा हजारांच्या वर. सकाळी मिस्सा संपवून चर्चच्या पायऱ्या उतरतो तोच चार जणांनी गाठले. सगळ्यांचे म्हणणे एकच, "तू प्रोजेक्टवाला माणूस. हरकतीत काय लिहायचं ते सांग."

प्रोजेक्टवाला म्हणजे नियोजन अभियंता. ठेकेदार कंपन्यांत माझी आजवरची सारी नोकरी याच कामात गेली. पूल, उड्डाणपूल, जलवाहिन्या अशा कामांचे वेळापत्रक बांधायचे, रोज साइटवरून आलेल्या आकड्यांशी ते ताडून पाहायचे आणि काम मागे पडले तर का पडले याचा कागद करायचा. मेट्रोच्या कामावर मी कधी नव्हतो. पण कारशेडच्या जागेचा घोळ कसा झाला असेल हे मला साइटवर न जाताही दिसते.

राज्याचा १९७५ चा नागरी क्षेत्रातील झाडांच्या जतनाचा कायदा सांगतो की झाड तोडण्याआधी जाहीर नोटीस द्यावी, ती झाडावरही लावावी आणि लोकांच्या हरकती घ्याव्यात. २०२१ च्या दुरुस्तीने दोनशे किंवा त्याहून जास्त झाडांचा प्रस्ताव राज्याच्या वृक्ष प्राधिकरणाकडे नेण्याची तरतूद केली. म्हणजे हरकतीचा कागद ठरलेल्या वाटेने वर जाणारा आहे, तो नीट लिहिला पाहिजे. नुसते "झाडे तोडू नका" लिहिले की उत्तरही ठरलेले असते: जनहिताचा प्रकल्प आहे, बदल्यात नवी झाडे लावू. म्हणून मी सगळ्यांना सांगितले, मागणी लिहाच, पण सोबत प्रश्न लिहा. आणखी कोणत्या जागा पाहिल्या? केव्हा पाहिल्या? प्रत्येकीचा खर्च किती निघाला? नाकारल्या त्या कुणी आणि कोणत्या कारणाने? या प्रश्नांना झाडांच्या संख्येने उत्तर देता येत नाही.

१९ मार्च, बुधवार

भाईंदर पश्चिमेहून उत्तनची बस मुर्धा, राई, मोर्वा अशी गावे घेत येते. एका अंगाला मिठागरे, एका अंगाला जुनी घरे. कारशेड आधी याच पट्ट्यात होणार होती. शेती जाईल, घरे जातील म्हणून गावे उभी राहिली आणि सरकारने जागा पुढे आमच्याकडे, डोंगरीच्या सरकारी जमिनीवर सरकवली. क्षेत्र साठ हेक्टरच्या आसपास. राई-मुर्धाच्या लोकांना मी दोष देणार नाही. त्यांच्या जागी मी असतो तर तेच केले असते.

जागा सरकली की खर्चही सरकतो. मेट्रो ९ ही दहिसर पूर्वेहून निघून भाईंदर पश्चिमेला सुभाषचंद्र बोस मैदानापाशी थांबणारी, साडेदहा किलोमीटरच्या आसपासची मार्गिका. कारशेड डोंगरीला न्यायची तर गाड्यांनी तिथवर पोचायला रूळ पुढे वाढवावे लागतात. त्याला खांब लागतात, गर्डर लागतात, वीज, सिग्नल सगळे लागते. शिवाय हा खर्च एकदाच करून संपत नाही. रोज पहाटे गाड्या कारशेडमधून निघून मार्गावर येणार आणि रात्री परत जाणार. मार्ग चालेल तितकी वर्षे तो फेरा चालेल आणि त्याची वीज जळेल.

दुसरी गोष्ट डोंगराची. कारशेडमध्ये गाड्या रात्री उभ्या राहतात, धुतल्या जातात, खालून तपासल्या जातात, झिजलेली चाके तिथेच तासून नीट करतात. उभी केलेली गाडी आपोआप घरंगळता कामा नये म्हणून तिथले रूळ जवळपास सपाट असावे लागतात. त्यामुळे डोंगरावर कारशेड म्हणजे डोंगर कापून सपाटी करणे आले. खडक फोडायचा, भराव घालायचा, आधारभिंती बांधायच्या आणि मोकळ्या झालेल्या उतारावरून येणारे पावसाचे पाणी खालच्या पाड्यांत शिरू नये म्हणून नाले काढायचे. सरकारी जमीन फुकट मिळते म्हणून स्वस्त, हा हिशेब पहिल्या पानावरच संपतो. दुसऱ्या पानापासून खोदाई सुरू होते.

२२ मार्च, शनिवार

दुपारी कपाट आवरताना एका जुन्या कामाच्या हिंडरन्स रजिस्टरच्या झेरॉक्स हाती लागल्या. बांधकामातले मला सगळ्यांत महत्त्वाचे वाटणारे पुस्तक हेच. मोजमापाची एमबी सगळ्यांना ठाऊक असते, कारण तिच्यावर बिल निघते. हे रजिस्टर मात्र साइट ऑफिसच्या टेबलाखाली पडलेले असते आणि भांडण सुरू झाले की सगळे ते शोधू लागतात.

लांबट वही. रकाने असे: अडथळ्याचे स्वरूप, कोणत्या कामाला अडथळा, सुरू झाल्याची तारीख, दूर झाल्याची तारीख, एकूण दिवस, एकावर एक आलेले दिवस, निव्वळ दिवस. शेवटी दोन सह्या, एक ठेकेदाराच्या माणसाची, एक खात्याच्या अभियंत्याची. यातला "एकावर एक आलेले दिवस" हा रकाना माणसाला प्रामाणिक ठेवतो. खांबाच्या पायाखाली जुनी जलवाहिनी निघाली आणि ती हलवायला वीस दिवस लागले. त्याच वीस दिवसांत पाच दिवस पाऊस पडला. ठेकेदाराला पंचवीस दिवसांची मुदतवाढ हवी असते. वही म्हणते, पाऊस त्या वीसांतच बसला, निव्वळ दिवस वीसच. उलट खात्याला जलवाहिनी हलवण्याचे दिवस दाखवायचे नसतात, कारण तो उशीर त्यांच्या अंगावर येतो. मग सही लांबते. पान दोन-दोन महिने सहीविना राहते आणि तोवर नेमके काय झाले ते कुणाला आठवत नाही. मी नेहमी त्याच संध्याकाळी सही मागायचो. त्यावरून माझे पुष्कळ वाद झाले, पण ज्या कामावर वही रोज भरली त्या कामाचा हिशेब शेवटी कोर्टात गेला नाही.

आज ती पाने चाळताना वाटले, या वहीची पहिली नोंद फार उशिरा पडते. ठेकेदाराला काम सुरू करण्याचा आदेश मिळाला की मगच ती उघडते. त्याआधी जागा ठरवण्यात, बदलण्यात, पुन्हा बदलण्यात जी वर्षे जातात त्यांना रकानाच नाही. ठेकेदार उशीर करतो तेव्हा विलंबाचा दंड करारात लिहिलेला असतो. खाते उशीर करते तेव्हा मुदतवाढ आणि भाववाढ द्यावी लागते. पण ज्या खोलीत मूळ निर्णय होतो तिथला उशीर कुठल्याच कागदावर तारखेनिशी उतरत नाही, आणि सगळ्यांत महाग उशीर तोच असतो.

३० मार्च, रविवार, गुढीपाडवा

कारशेडवरून मार्ग कसा अडतो हे या महानगराने आधीच पाहिले आहे. कुलाबा-वांद्रे-सीप्झ मेट्रो ३ ची कारशेड आरेत. ४ ऑक्टोबर २०१९ च्या रात्री तिथे झाडे पडू लागली. सर्वोच्च न्यायालयाने थांबवले तोवर दोन हजारांहून अधिक तुटली होती. ऑक्टोबर २०२० मध्ये सरकारने कारशेड कांजूरमार्गला नेण्याचे जाहीर केले, डिसेंबरमध्ये उच्च न्यायालयाने तिथल्या कामाला स्थगिती दिली. जून २०२२ च्या अखेरीस सरकार बदलले आणि जुलैमध्ये कारशेड परत आरेत आली. भुयारे खोदून होत होती, गाड्या येत होत्या, आणि त्या ठेवायच्या कुठे यावर मंत्रालय आणि न्यायालय यांच्यात फाइल फिरत होती.

प्रकल्पाचा मूळ खर्च २३,१३६ कोटी रुपये होता. ऑगस्ट २०२२ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने ३३,४०५ कोटींना मान्यता दिली. ही सगळी वाढ कारशेडमुळे झाली असे कुणी म्हणेल तर ते चूक आहे. मुंबईच्या पोटातून तेहतीस किलोमीटर भुयार काढणे हेच अवघड होते, कोविडचा काळही मध्ये आला. पण जे काम अभियंत्याच्या हातातले नव्हते त्यात वर्षे गेली हे खरे आहे. झाडे वाचवणाऱ्यांनी उशीर केला हा आरोप मला कधीच पटला नाही. झाडांचा प्रश्न २०१९ मध्ये निर्माण झाला नव्हता, त्या रात्री तो फक्त दिसला. मार्ग कागदावर आखला गेला त्या दिवशी तो तिथेच होता.

आणि हे आरेपुरते नाही. मेट्रो ४ ची कारशेड मोघरपाड्याला, मेट्रो ६ ची कांजूरमार्गला. दोन्ही मार्गांचे खांब आधी वर आले, कारशेडच्या जमिनीचा ताबा मागाहून मिळाला. आधी कळस मग पाया ही आपल्याकडची कामाची रीतच होऊन बसली आहे.

५ एप्रिल, शनिवार

उत्तनच्या किनाऱ्यावर ओळखीचे नाखवा नवी बोट बांधून घेताहेत. सुतार फळ्या बसवत होता, नाखवा वाळूत बसून देखरेख करत होते. बोलता बोलता कारशेडचा विषय निघाला. ते म्हणाले, "बोट सुतारापाशी सांगायच्या आधी मी जागा बघितली. एक जूनपासून दोन महिने मासेमारीला बंदी. पावसात बोट ओढून ठेवायला जागा नाय तर ती बांधून करायची काय?"

त्यांचे सगळे नियोजन असे उलटे चालते. बोट ज्या दिवशी समुद्रात जायला हवी तो दिवस पक्का. तिथून मागे येत इंजिन केव्हा बसले पाहिजे, रंग केव्हा वाळला पाहिजे, खलाशांना आगाऊ रक्कम कधी द्यायची, जाळी कधी घ्यायची, हे सगळे तोंडपाठ. पैसे एकदम देत नाहीत. फळ्या चढल्या की एक हप्ता, सांधे भरून झाले की दुसरा. काम झाल्याशिवाय पैसा नाही आणि काम झाल्यावर पैसा अडवायचा नाही. कंपन्यांमध्ये मी या दुसऱ्या भागाचीच जास्त पायमल्ली पाहिली. बिल अडले की ठेकेदाराचा उपठेकेदार मजूर कमी करतो, मजूर कमी झाले की काम मागे, आणि मग काम मागे आहे म्हणून बिल पुन्हा अडते.

१६ एप्रिल, बुधवार

मेट्रो २ ब ची आज चाचणी झाली, मानखुर्दच्या मंडालेहून चेंबूरच्या डायमंड गार्डनपर्यंत. मंडालेत कारशेड आहे. ती तयार झाली, तिथून गाडी निघाली, आणि मार्गाचा तेवढाच तुकडा आधी सुरू करण्याची सोय झाली. या मार्गालाही पुष्कळ उशीर झाला आहे, ठेकेदार बदलावे लागले आहेत. म्हणून हे आदर्श काम आहे असे नाही. तरी एक गोष्ट मंडाले दाखवून देते. कारशेड हातात असली की रखडलेला मार्गही तुकड्यातुकड्याने लोकांच्या उपयोगी पडू लागतो.

२६ एप्रिल, शनिवार

हाताखालच्या मुलांसाठी प्रशिक्षणाचे टिपण करतोय. कंपनीने नवे सॉफ्टवेअर घेतले आहे, त्याच्या रंगीत पट्ट्यांवर मुले खूश आहेत. क्रिटिकल पाथची पद्धत १९५७ च्या सुमारास अमेरिकेत ड्यूपाँ कंपनीत बसवली गेली, पुढच्याच वर्षी तिथल्या नौदलाने पोलारिस क्षेपणास्त्रासाठी पर्ट नावाची तशीच पद्धत वापरली. गणित आजही तेच आहे. कोणत्या कामाला एक दिवस उशीर झाला तर सगळा प्रकल्प एक दिवस लांबतो, एवढे ते सांगते. पण साखळीत जे काम घातलेच नाही त्याबद्दल ते काही सांगू शकत नाही. "गावाशी बोलणे" ही पट्टी मी कुठल्याही वेळापत्रकात पाहिलेली नाही. "जमिनीचा ताबा" असते, पण तीही एक दिवस लांबीची, पहिल्या तारखेला झालीच असे धरून टाकलेली.

बेंट फ्लिव्हबर्ग या डॅनिश अभ्यासकाने जगभरच्या सोळा हजारांहून अधिक प्रकल्पांची माहिती जमवली. खर्च आणि वेळ दोन्ही पाळणारे प्रकल्प शंभरात साडेआठ निघाले. खर्च, वेळ आणि सांगितलेला फायदा असे तिन्ही पाळणारे दोनशेत एक. त्याचे सांगणे असे की विचाराला वेळ घ्या आणि काम वेगाने करा. आपल्याकडे भूमिपूजनाची घाई असते आणि विचार खांब उभे राहिल्यावर सुरू होतो.

मुलांना मी कोकण रेल्वेचे उदाहरण देणार आहे. १९९० मध्ये महामंडळ झाले, ई. श्रीधरन प्रमुख. जमीन चाळीस हजारांहून अधिक लोकांच्या नावावर होती. ती वेगळे काम म्हणून धरली गेली, माणसे गावोगाव पाठवली गेली, लोकांशी बोलून, नुकसानभरपाई त्वरेने देऊन ताबा घेतला गेला. पुढे पेडण्याच्या मऊ मातीच्या बोगद्याने छळले, खर्च वाढला, गोव्यात मार्गावरून आंदोलन झाले आणि न्यायमूर्ती ओझा आयोग नेमावा लागला, हेही मी सांगणार आहे. जिथे आधी बोलणे झाले तिथे काम पुढे गेले, जिथे मार्गावरचा लोकांचा आक्षेप मागाहून ऐकावा लागला तिथे अडले. अखेर २६ जानेवारी १९९८ ला पूर्ण मार्ग सुरू झाला. अशा डोंगरदऱ्यांत आठ वर्षांच्या आत. माझ्या पिढीच्या महाराष्ट्रातल्या अभियंत्यांना कामाचा अभिमान वाटावा असे ते काम आहे.

३ मे, शनिवार

त्याच टिपणासाठी गोसीखुर्दचे आकडे काढले. १९८३ मध्ये मान्यता मिळाली तेव्हा धरणाचा खर्च ३७२ कोटी रुपये. २०१६ ची सुधारित मान्यता १८,४९४ कोटींची. पुनर्वसन, जमीन, कालवे, भ्रष्टाचाराच्या चौकशा, सगळे त्यात आहे. आकडे वाचून मुले हसतील अशी भीती वाटते. त्यांनी हसू नये. ज्या शेतकऱ्याला १९८० च्या दशकात पाणी सांगितले होते त्याचा नातू आता शेती करतो.

१४ मे, बुधवार

काशिगाव ते दहिसर मेट्रोची आज चाचणी. मुख्यमंत्री आले होते. पहिल्या टप्प्यात चार स्थानके: दहिसर, पांडुरंगवाडी, मिरागाव, काशिगाव. मला मनापासून आनंद झाला. भाईंदर स्टेशनावर सकाळची लोकल ज्याने पकडली आहे त्याला हा आनंद समजावून सांगावा लागत नाही. आमच्या घरातली पोरे त्याच गर्दीतून कामाला जातात. मेट्रो हवी. ती गावाला नको आहे असे जे बाहेर बोलले जाते ते खोटे आहे.

पण आजच्या दिवशीची एक गोष्ट लिहून ठेवतो. ही गाडी डोंगरीच्या कारशेडशिवाय धावली. मेट्रो ९ हा मेट्रो ७ चाच पुढचा भाग असल्याने गाड्यांची सोय सध्या चारकोपच्या कारशेडमध्ये होणार आहे. चारकोप किती गाड्यांचा भार पेलू शकते, पूर्ण मार्ग सुरू झाल्यावर किती गाड्या जादा होतील, त्यांतल्या किती रात्री स्थानकांच्या पुढच्या रुळांवर उभ्या ठेवता येतील, हा साधा हिशेब आहे. माझ्यासारखा माणूस तो आठवड्यात मांडू शकतो, मुंबई महानगर प्रदेश विकास प्राधिकरणाकडे (एमएमआरडीए) तर यासाठी सल्लागारांची फौज आहे. त्या हिशेबातून कदाचित डोंगरीची गरज पक्की होईल. कदाचित लहान कारशेड पुरेल असे निघेल. कदाचित दुसरीकडे सोय होईल. जे निघेल ते निघो, पण बारा हजार झाडांवर नोटीस लावण्याआधी तो कागद लोकांपुढे यायला हवा होता.

१८ मे, रविवार

नळाला आज पाणी नाही. टँकर चढावर अडकला, बायका बादल्या घेऊन खाली गेल्या.

सूर्या प्रादेशिक पाणीपुरवठा योजना एकूण ४०३ दशलक्ष लिटरची. त्यातले १८५ वसई-विरारचे, २१८ मिरा-भाईंदरचे. वसई-विरारला २०२३ पासून पाणी मिळू लागले. आमच्या वाट्याचे अजून यायचे आहे. वाहिनी वसईची खाडी ओलांडून चेण्याच्या जलाशयापर्यंत आणायची आणि तिथून शहरातल्या टाक्यांत वाटायची. एक काम एमएमआरडीएचे, दुसरे महापालिकेचे. मोठ्या वाहिनीचे वेळापत्रक एका कार्यालयात आणि गल्लीतल्या नळाचे दुसऱ्यात, दोन्ही एका भिंतीवर कधी लागत नाहीत. मी जलवाहिनीच्या कामावर होतो तेव्हाही हेच होते. आमची वाहिनी तयार झाली, तिची दाबचाचणी झाली, आणि पुढची जोडणी दुसऱ्या खात्याची म्हणून तोंडाला झाकण लावून ती तशीच राहिली. आमच्या प्रगती अहवालात ते काम शंभर टक्के पूर्ण होते. अहवाल खरा होता आणि एकाही घरात पाणी पोचले नव्हते.

तेव्हापासून मी कुठल्याही कामाचा टक्का विचारत नाही. शेवटच्या माणसाला ते कधी मिळणार एवढेच विचारतो.

२६ मे, सोमवार

पाऊस आजच मुंबईत दाखल झाला, इतक्या लवकर तो येत नाही. मेट्रो ३ चे आचार्य अत्रे चौकाचे भुयारी स्थानक पाण्याने भरले. स्थानक सुरू होऊन पंधरवडा झाला असेल. काम चालू असलेल्या एका प्रवेशद्वाराची पाणी अडवणारी भिंत कोसळली असे सांगितले गेले. अर्धवट दाराची भिंत पावसाळ्याच्या तोंडावर तात्पुरती ठेवणे म्हणजे पाऊस १० जूनला येईल यावर सगळे सोपवणे झाले. वेळापत्रकात पावसासाठी राखून ठेवलेले दिवस सगळ्यात आधी कापले जातात, कारण उद्घाटनाची तारीख वरून आलेली असते.

संध्याकाळी उतारावरून लाल पाणी आले. अजून डोंगर कापलेला नाही, झाडे जागेवर आहेत, तरी पाणी खालच्या रस्त्यावर घोट्यापर्यंत होते. इथे सपाटी झाल्यावर पाणी कुठून नेणार याचा नकाशा गावात अजून कुणी पाहिलेला नाही.

७ जून, शनिवार

गावाच्या वतीने द्यायचे निवेदन आज पुरे केले. रात्री चार जणांनी बसून वाचले, दोन ठिकाणी भाषा सौम्य केली, एका ठिकाणी कडक. त्यात घोषणा नाहीत. मागितले आहे ते एवढेच.

राई-मुर्धा ते डोंगरी या प्रवासात विचारात घेतलेल्या प्रत्येक जागेची तुलना द्यावी, जमीन, खोदाई, वाढीव रूळ आणि रोजच्या फेऱ्यांच्या खर्चासह. चारकोपच्या क्षमतेचा हिशेब द्यावा. डोंगर सपाट केल्यावरच्या पाण्याच्या निचऱ्याचा आराखडा द्यावा, तो गावातल्या सभेत मराठीत समजावून सांगावा. बदली झाडे कुठे लावणार, त्यांना पहिली तीन वर्षे पाणी कोण घालणार आणि त्या खर्चाची तरतूद कोणत्या शीर्षाखाली आहे ते सांगावे. आणि जागा ठरवण्यात गेलेल्या प्रत्येक टप्प्याची तारीख आणि निर्णय घेणाऱ्या अधिकाऱ्याचे पद जाहीर करावे. हे शेवटचे कलम माझे. एकाने विचारले, हे कशाला, याने झाड वाचणार आहे का? मी म्हटले, या डोंगरावरचे वाचेल की नाही ते माहीत नाही, पण पुढच्या मार्गाची कारशेड ठरवताना कुणीतरी तारीख लिहायला घेईल.

मिरा-भाईंदरची मार्गिका ९ आणि अंधेरीहून विमानतळाकडे जाणारी ७ अ मिळून सरकारने २०१८ मध्ये ६,६०७ कोटी रुपये मंजूर केले, काम २०१९ मध्ये सुरू झाले. त्या वेळी कारशेडची जागा पक्की असती तर आज राई-मुर्धाच्या शेतकऱ्यांना मोर्चे काढावे लागले नसते आणि आम्हाला हे निवेदन लिहावे लागले नसते. माझे मत स्पष्ट आहे: कारशेडच्या जमिनीचा ताबा आणि तिथल्या लोकांची ग्रामसभेत किंवा प्रभागसभेत झालेली चर्चा, हे दोन कागद जोडल्याशिवाय कोणत्याही मेट्रोच्या खांबाची निविदा काढूच नये, असा नियम राज्याने करावा. त्याला कायदा बदलावा लागत नाही, एक शासन निर्णय पुरतो.

तुमच्या गावात उद्या एखाद्या प्रकल्पाची नोटीस लागली तर हरकतीचा अर्ज नक्की भरा, मुदत थोडी असते. अर्जात विरोध किंवा पाठिंबा जो असेल तो लिहा, आणि त्याखाली विचारा: दुसऱ्या कोणत्या जागा पाहिल्या, आणि त्या केव्हा पाहिल्या. अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक आणि तारखेचा शिक्का घेतल्याशिवाय कार्यालयातून निघू नका.